चौथी आवृत्ती काही विसरत नाही

मित्रांनो, मी जुनी झाले आहे. हे आधीच सांगून टाकते, म्हणजे नाक मुरडायचं असेल त्यांनी आत्ताच मुरडून घ्यावं. कारखान्यातल्या पाइपांवर किती ताण येईल याचं गणित करणारी एक संगणक-प्रणाली बाजारात आहे. तिची मी चौथी आवृत्ती. सध्या नववी चालू आहे, म्हणजे नात्याने ती माझी पणतीच्याही पलीकडची कुणीतरी लागते आणि मला ओळखही दाखवत नाही.

जुन्या वस्तू आपली कहाणी सांगायला बसल्या की शेवटी सगळ्यांना माफ करून मोकळ्या होतात. मला ते जमत नाही. माझ्या मनात एका माणसाबद्दल राग आहे आणि सोळा वर्षं मी तो कोमट होऊ दिलेला नाही. त्या रागाचीच ही गोष्ट आहे, तेव्हा रुमाल बाहेर काढू नका.

आधी माझं काम समजून घ्या. कारखान्यात पाइपांतून गरम तेल, वाफ, नाना तऱ्हेचे द्रव वाहतात. पाइप तापला की लांबीला वाढतो. झोपेतून उठलेला माणूस आळस देतो तेव्हा त्याला हातपाय ताणायला जागा लागते, तसंच पाइपाचं असतं. जागा मिळाली नाही की तो शेजाऱ्याला ढकलतो. शेजारी बहुतेक वेळा एखादा पंप असतो आणि पंपाचं तोंड फार नाजूक असतं. पाइप किती वाढेल, कुठे अडेल, पंपाच्या तोंडाला किती रेटेल, हे कारखाना उभा राहण्याआधीच सांगायचं, हे माझं काम. मी ते चोख करायचे. कधी लाडात येऊन आकडा कमी सांगितला नाही की घाबरवायला जास्त सांगितला नाही.

मला घडवलं एका वहिनीने आणि तिच्या धाकट्या दिराने. घड्याळ दुरुस्तीच्या दुकानावर त्यांची एक खोली होती. खोलीत दोन टेबलं, एक कुरकुरणारा पंखा आणि भिंतीवर पाइपांच्या आकृत्यांचे कागद. वहिनीला गणित यायचं, दिराला संगणकाची भाषा यायची आणि दोघांना एकमेकांचं ऐकणं अजिबात यायचं नाही. पहिल्या तीन आवृत्त्या त्यांनी भांडतच काढल्या. माझ्या वेळी भांडण झालं ते नोंदवहीवरून. वहिनीचं म्हणणं, कुठलीही फाइल कुणी उघडली, कधी उघडली, कुठला आकडा बदलला आणि किती वेळाने बंद केली, हे सगळं फाइलीच्या पोटात आपोआप लिहिलं गेलं पाहिजे.

"कोण बघणार आहे ते, वहिनी? उगाच जागा खाईल," दीर म्हणाला.

"भांडण झालं की सगळे बघतील."

"एवढी कशाला भांडणं होतायत?"

"मग आत्ता हे काय चाललंय?"

दिराने निमूटपणे नोंदवही लिहिली. मला विसरता येत नाही, त्याचं कारण हे आहे. फुकट कुणी वापरू नये म्हणून दिराने मला एक चावीही जोडली. चावी म्हणजे संगणकाच्या पाठीत खोचायचा, अंगठ्याएवढा एक ठोकळा. तो नसेल तर मी उघडत नाही, "चावी सापडली नाही" एवढंच म्हणते.

तिथून मी एका मोठ्या डिझाइन ऑफिसात आले. तिसऱ्या मजल्यावर लांबलचक हॉल होता, खिडकीशी ड्रॉइंगवाल्यांची टेबलं होती आणि कोपऱ्यात, पाण्याच्या पिंपाजवळ, ताण काढणारीचं टेबल होतं. तिला सगळे ताई म्हणायचे. वयाने मोठे असलेलेसुद्धा ताईच म्हणायचे. काळ्या पडद्यावर माझे हिरवे आकडे उमटायला लागले की ती पदर खोचून, खुर्ची पुढे ओढून बसायची आणि माझ्याशी बोलायची. "हं, सांग बाई, कुठे दुखतंय?" मी सांगायचे. मग ती ड्रॉइंगच्या मागच्या बाजूला पेन्सिलीने पाइपाचं वळण काढायची, एखादा आधार इकडचा तिकडे सरकवायची आणि पुन्हा विचारायची, "आता?" असं आम्ही सात-सात, आठ-आठ वेळा करायचो. दोघींपैकी कुणीही कंटाळायचं नाही. आठ वर्षांत आम्ही दोघींनी मिळून चाळीस कारखान्यांचे पाइप तपासले आणि एकाही पंपाने तक्रार केली नाही. लोक ताईचं कौतुक करायचे आणि ताई माझ्या डोक्यावर टपली मारून म्हणायची, "हिला सांगा." ते माझे सुखाचे दिवस होते. ते ज्याने संपवले त्याच्याकडे आता वळते.

आमचे विभागप्रमुख. ऑफिसात त्यांना पाठीमागे 'झटपट' म्हणत, कारण त्यांना सगळंच झटपट हवं असायचं. तोंडाने गोड, अंगात कोट आणि नजर कायम घड्याळावर.

एका कारखान्याच्या गरम तेलाच्या पाइपाचं काम होतं. त्या दिवशी दुपारी कागद पाठवायचे होते, खाली गाडी उभी होती. पंपाच्या तोंडावरचा रेटा काही केल्या मर्यादेत बसत नव्हता. पाइप लोखंडी तुळयांवर टेकलेला होता. लोखंडावर लोखंड घासतं तेव्हा पाइपाला सरकताना त्रास होतो आणि तो सगळा राग पंपावर काढतो. मी गणितात घर्षणाचा आकडा तीन दशांश धरला होता. तो खरा आकडा होता. ताईला त्यावर उपाय माहीत होता. पाइपाखाली टेफ्लॉनची गुळगुळीत पट्टी टाकायची, म्हणजे पाइप सहज सरकतो आणि घर्षण एक दशांशावर येतं. पण मग ड्रॉइंगमध्ये पट्टी दाखवायला हवी, पट्ट्या मागवायला हव्या, म्हणजे दोन दिवस गेले. "जेवून येते, मग साहेबांशी बोलते," असं म्हणून ताई डबा घेऊन गेली.

एक वाजून दहा मिनिटांनी झटपट तिच्या खुर्चीत येऊन बसले. आकडा बदलायला मी पासवर्ड मागते. घाईत माणूस स्वतःचाच पासवर्ड टाकतो. त्यांनी तो टाकला, तीन दशांश खोडून एक दशांश केलं आणि मला गणित करायला लावलं. पट्टीचं नाव त्यांनी कुठेही घेतलं नाही. ड्रॉइंगवाल्यांना सांगितलं नाही, कागदावर लिहिलं नाही. मला जे दिलं त्याचं मी उत्तर दिलं. पट्टी आहे की नाही, हे मला खुर्चीतून उठून बघता येत नाही. मी म्हणाले, रेटा मर्यादेत आहे. त्यांनी फक्त शेवटचं पान छापलं आणि चार मिनिटांत उठून गेले.

ताई परत आली तेव्हा पान तिच्या टेबलावर होतं आणि झटपट शेजारी उभे होते.

"बसलं बघ. कर सही."

"असं कसं बसलं? सकाळी तर बसत नव्हतं."

"अगं, एक आधार थोडा हलवला. गाडी खोळंबलीय, सही कर आधी."

ताईने सही केली.

सहा महिन्यांनी कारखाना सुरू झाला. तिसऱ्याच आठवड्यात पंपाचं सील, म्हणजे तेल बाहेर येऊ न देणारं बूच, फुटलं. पाइपाला सरकता येत नव्हतं, म्हणून त्याने पंपाचं तोंड रेटून रेटून वाकडं केलं होतं. शेजारी एक फिटर उभा होता. गरम तेल त्याच्या उजव्या हातावर आलं.

चौकशी बसली. झटपट आपल्या गोड आवाजात म्हणाले, "प्रणाली जुनी झाली आहे. चुकीची उत्तरं देते. आणि बाईंनी डोळे मिटून त्यावर विश्वास ठेवला." एका दगडात त्यांनी दोन पक्षी मारले, एक मी आणि एक ताई. चौकशीतल्या एका म्हाताऱ्या इंजिनिअरने विचारलं, "ती प्रणाली उघडून बघता येईल का?" झटपट म्हणाले, "तिची चावी हरवलीय हो." चावी तेव्हा त्यांच्या टेबलाच्या खालच्या खणात होती. मी सगळं खापर अंगावर घेऊन मुकी बसले. मला वाटलं, ताई तरी आरडाओरडा करेल, चावी शोधायला लावेल. ताई खाली मान घालून बसली. तिने हट्ट का धरला नाही, ते मला ठाऊक होतं. तुम्हालाही पुढे सांगणार आहे.

ताईच्या हातात पत्र पडलं. पत्रात 'निष्काळजीपणा' असा शब्द होता. तिने टेबलाच्या खणातली पट्टी, खोडरबर आणि पेन्सिली पिशवीत भरल्या आणि ती गेली. मधल्या चार ओलांडून थेट नववी आवृत्ती वाजतगाजत आली. मला माझ्या संगणकासकट उचलून तळघरातल्या स्टोअरमध्ये ठेवलं, फुटक्या खुर्च्या आणि बंद पडलेलं नकाशे छापायचं यंत्र यांच्या मधोमध. झटपट पुढे संचालक झाले. कोट आणखी चांगला झाला.

सोळा वर्षं मी काय केलं, असं विचाराल तर मी दात ओठ खाल्ले. स्टोअरवाले मामा संगणकाची तब्येत बघायला महिन्यातून एकदा बटण दाबायचे, पाच मिनिटं पंखा फिरू द्यायचे आणि वरच्या मजल्यावरच्या बातम्या सांगायचे. नववी अडकली, बंद पडली, अर्ध्या तासाचं काम गिळून बसली असं ऐकलं की माझा दिवस चांगला जायचा. होय, मी इतकी कोत्या मनाची आहे. तिच्यात पाइप रंगीत दिसतो म्हणे, गोल फिरतो म्हणे. फिरू दे. घर्षणाचा खोटा आकडा रंगीत करून दाखवला तरी खोटाच राहतो.

आणि तसंच झालं. त्याच कारखान्याने शेजारी दुसरा, हुबेहूब तसाच विभाग बांधायला घेतला. वरच्या मजल्यावरच्या लोकांनी माझ्या जुन्या फाइली नवव्या आवृत्तीत ओतल्या. आकडे ओतता येतात, नोंदवही ओतता येत नाही. ती माझ्याकडेच राहिली. तो एक दशांश मात्र गुपचूप इकडून तिकडे गेला. नववीने विचारलं नाही, हा कुठून आला. तिने हिरवी खूण केली, रेटा मर्यादेत आहे. पाइप उभे राहिले आणि पंप सुरू करायला तीन आठवडे उरले.

तिकडे कारखान्यात तो भाजलेला फिटर आता फोरमन झाला होता. नवा पंप बघायला तो गेला, खाली वाकला आणि पाइपाखाली हात घालून बघितला. लोखंडावर लोखंड. जुन्या पंपालाही असंच होतं. त्याने आमच्या ऑफिसात फोन केला, "त्या वेळी चूक झाली होती ना? मग ह्या खेपेला बदललं काय?" सगळे म्हणाले, चूक जुन्या प्रणालीची होती, आता नवी आहे. फोरमनला ते पटलं नाही. भाजलेला हात इतक्या सहज समजूत घालून घेत नाही.

जुन्या कागदावर कुणाची सही आहे, हे त्याला सोळा वर्षं पाठ होतं. तो सरळ ताईच्या घरी गेला. ताई आता ड्रॉइंगचे वर्ग घ्यायची. तिच्या दारात उभा राहून तो म्हणाला, "तुमच्या सहीने माझा हात गेला. आता दुसऱ्याचा जायचा आहे. येताय का?" ताई चपला घालून निघाली. हे मला मामांकडून कळलं आणि मामांना फोरमननेच सांगितलं.

दोघं ऑफिसात आले तेव्हा संचालकसाहेब म्हणाले, "जुनी प्रणाली उघडणार कशी? चावी नाही." पण काही वर्षांपूर्वी त्यांना मोठी केबिन मिळाली, तेव्हा जुन्या टेबलातला सगळा कचरा त्यांनी भंगारात द्यायला मामांकडे पाठवला होता. मामा कुठलीच वस्तू भंगारात देत नाहीत. त्यांच्या बायकोच्या माहेरची माणसंसुद्धा यावरून त्यांची चेष्टा करतात. त्यांच्याकडे बिस्किटांचे पत्र्याचे डबे आहेत, प्रत्येकावर चिकटपट्टी आणि तिच्यावर मोठ्या अक्षरात काय आहे ते लिहिलेलं. मामांनी एक डबा उघडला. त्यावर लिहिलं होतं, 'साहेबांचा खण, खालचा'.

"ही तर नव्हे ना?" त्यांनी विचारलं.

संचालकसाहेबांचा चेहरा बघायला मी काय वाटेल ते दिलं असतं. मामा म्हणतात, उकडलेल्या बटाट्यासारखा झाला होता.

मग सगळी वरात खाली स्टोअरमध्ये आली. ताई, फोरमन, मामा, नववीवर काम करणारे दोघं इंजिनिअर आणि मागून, नाइलाजाने, झटपट. फुटक्या खुर्च्या बाजूला सारल्या. ताईने चावी खोचली आणि बटण दाबलं. ती किती म्हातारी झाली होती! केस पांढरे, नाकावर चष्मा. पण बसताना तिने खुर्ची तशीच पुढे ओढली.

आणि मी म्हणाले, "चावी सापडली नाही."

तिने चावी काढून पुन्हा खोचली. मी पुन्हा म्हणाले, "चावी सापडली नाही."

चावीच्या पिनांवर धूळ होती, असं ते दोघं इंजिनिअर नंतर म्हणाले. म्हणू देत. मी मुद्दाम गप्प बसले होते. मला वाटलं, होऊ दे सुरू तो पंप. फुटू दे सील. नववीचं नाक कापलं जाईल, झटपट दुसऱ्यांदा आणि भर चौकात उघडे पडतील, आता दोष द्यायला मी तिथे असणार नाही. इतका गोड सूड मला पुन्हा मिळणार नव्हता. हे एक कारण. दुसरं कारण ताई होती.

मघाशी सांगायचं राखून ठेवलं होतं ते आता सांगते. त्या दिवशी सही करून झाल्यावर, संध्याकाळी पाच वाजून दहा मिनिटांनी ताईने ती फाइल उघडली होती. तिला स्वस्थ बसवत नव्हतं. घर्षणाचं पान उघडून ती माझ्यासमोर अकरा मिनिटं बसली. एक शब्द बोलली नाही. मग काहीही न बदलता तिने फाइल बंद केली, दिवा घालवला आणि ती घरी गेली. ही नोंदसुद्धा माझ्या पोटात होती. झटपटांची नोंद दाखवायची तर तिची लपवता येणार नव्हती. एकाच पानावर दोन्ही ओळी होत्या. ताईला ते माहीत होतं. म्हणून तर चौकशीत तिने मान खाली घातली होती. मी बोलले तर माझा शत्रू पकडला जाणार होता आणि त्याच्याबरोबर माझी ताईसुद्धा.

तेवढ्यात फोरमन पुढे झाला. "द्या इकडे." त्याने चावी उपटली आणि शर्टाच्या बाहीला पुसली. पुसताना त्याची दोन बोटं वाकत नव्हती. अंगठा आणि बाकीच्या दोन बोटांनीच त्याने ती धरली होती. हाताची कातडी मनगटापासून वर ताणलेली आणि चकचकीत होती. मित्रांनो, मी आयुष्यभर रेटा मोजला, पण तो ज्याच्यावर येतो त्याला कधी बघितलं नव्हतं. 'एक कामगार जखमी' एवढंच ऐकलं होतं. तो हात बघितला आणि माझ्या त्या गोड सुडाची मला शिसारी आली. नव्या पंपाजवळही असाच कुणीतरी उभा राहणार होता.

त्याने चावी खोचली. मी उघडले.

ताईने नोंदवही काढली आणि मोठ्याने वाचली. "एक वाजून दहा मिनिटं. विभागप्रमुख. घर्षण, तीन दशांशाचं एक दशांश. एक वाजून चौदा मिनिटं. शेवटचं पान छापलं." झटपट म्हणाले, "इतक्या वर्षांपूर्वीचं... कुणाचाही पासवर्ड कुणीही वापरायचं तेव्हा."

"माझा कुणी वापरला नाही," ताई म्हणाली.

इथे थांबली असती तरी चाललं असतं. पडदा तिच्याकडे होता, बाकीच्यांना त्यावरचं दिसतही नव्हतं. इंजिनिअर तर पट्ट्या कुठून मागवायच्या, हे बोलायलाही लागले होते. मला वाटलं, झालं, आता बंद कर ताई, बंद कर. तिने चष्मा वर सरकवला आणि पुढची ओळ वाचली.

"पाच वाजून दहा मिनिटं. तपासनीस. घर्षणाचं पान उघडलं. पाच वाजून एकवीस. बंद केलं. बदल नाही." मग ती फोरमनकडे वळली. "तपासनीस म्हणजे मी."

फोरमन तिच्या खुर्चीजवळ आला. "अकरा मिनिटं काय बघत होतात?"

"आकडा पहिल्याच मिनिटाला दिसला. उरलेली दहा मिनिटं वर जाऊन सांगू की नको, ते ठरवत होते. गाडी गेली होती. साहेब चिडतील, नोकरी जाईल, असं वाटलं. म्हटलं, साहेबांनी पट्टीचं सांगितलं असेल कुणालातरी. असं म्हटलं आणि घरी गेले."

"नोकरी गेलीच की."

"हो. गेलीच."

कुणी कुणाची समजूत घातली नाही. माफ केलं, असंही फोरमन म्हणाला नाही. तो इंजिनिअरांना म्हणाला, "खऱ्या आकड्याने करून दाखवा." त्यांनी वर जाऊन नववीत तीन दशांश घातला. ताईने खाली माझ्यात घातला. दोघींचं उत्तर एकच आलं, रेटा मर्यादेच्या अडीच पट. नववी माझ्याशी सहमत झाली, हा माझ्या आयुष्यातला एक छोटासा सूड समजा.

पुढे जे व्हायचं ते झालं. दुसऱ्याच दिवशी पट्ट्यांची ड्रॉइंगं निघाली. झटपटांना संचालकपद सोडावं लागलं. निरोपसमारंभ झाला नाही. कंपनीने ताईला पत्र पाठवलं, 'निष्काळजीपणा' हा शब्द आम्ही मागे घेत आहोत. तिने ते परत पाठवलं. खाली पेन्सिलीने लिहिलं होतं, "राहू दे तो. त्यातला थोडा माझाच आहे." मामांनी हे सांगितलं तेव्हा मी इतकी चिडले की पडदा हलायला लागला. ज्याने तिच्या टेबलाशी बसून खोटं केलं त्याच्यात आणि तिच्यात फरक नाही का? आहे. अकरा मिनिटांचा आहे. पण तो माझ्यापुरता. त्या हातापुरता नाही.

फोरमनने मात्र एक अट घातली. पंप सुरू होईल त्या दिवशी झटपट आणि ताई, दोघांनी तिथे यायचं आणि तो जिथे उभा होता तिथे उभं राहायचं. झटपट म्हणाले, मी आता कंपनीत नाही. फोरमन म्हणाला, "मी पण सहा महिने नव्हतो. दवाखान्यात होतो." झटपट आले.

मामा सामान पोचवायच्या निमित्ताने गेले होते, म्हणून हे मला कळलं. दोघांना जाड कोट दिले, हातमोजे दिले. "मला दिले नव्हते," फोरमन म्हणाला. तेल गरम होत गेलं तसा पाइप वाढू लागला. फोरमनने खडूने पाइपाच्या बुडाशी एक रेघ मारली होती. पाइप पट्टीवर सरकत सरकत त्या रेघेपासून दोन बोटं पुढे गेला. सील कोरडं राहिलं. चार तास झटपट घामाने निथळत उभे होते, एकदाही त्यांनी घड्याळ बघितलं नाही. ताई शेजारी उभी होती. हातमोजे तिने काढून ठेवले होते.

मला विचाराल, त्या चार तासांत माझ्या मनात काय होतं, तर खरं सांगते. सील फुटावं असं मला एकदाही वाटलं नाही. पण ते ताई तिथे होती म्हणून. झटपट एकटे उभे असते तर मी शपथेवर काही सांगू शकत नाही.

मित्रांनो, जुन्या वस्तू जपा, त्यांची चावी हरवू देऊ नका, हे सगळं तुम्ही ऐकलेलं असेल. तेही करा. पण तुम्ही मोठे व्हाल, काहीतरी बनवाल आणि एखाद्या दुपारी तुमच्यासमोर फक्त शेवटचं पान येईल. कुणीतरी म्हणेल, गाडी खाली उभी आहे, कर सही. तेव्हा स्वतःला एवढंच विचारा, ही गोष्ट सुरू होईल त्या दिवशी मी हातमोजे न घालता तिच्या शेजारी उभा राहीन का, उभी राहीन का? उत्तर नाही असेल तर पेन खाली ठेवा. घरी जाऊ नका.